‘गावचा अंतर्गत वाद’ म्हणू नका

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

गेल्या आठवड्यात आपल्या अंकात जिल्ह्याच्या पानावर वाळीत प्रकरणाची एक छोटी बातमी होती. एका कुटुंबाने तक्रार दिली, पंचांनी आरोप फेटाळले, आणि शेवटची ओळ अशी : ‘गावचा अंतर्गत वाद सामोपचाराने मिटवण्याचे प्रयत्न सुरू आहेत.’ ती ओळ दोन दिवस डोक्यातून जाईना, म्हणून हे पत्र लिहिते आहे. हेच शब्द मला पोलीस ठाण्यात ऐकवले गेले होते, तहसील कचेरीत ऐकवले गेले होते आणि माझ्या सख्ख्या मामांनीही ऐकवले होते. ज्याला कायद्यात तीन वर्षांपर्यंत कैद सांगितली आहे, त्याला छापताना वाद म्हणायचे का, एवढेच मला विचारायचे आहे.

मी रायगड जिल्ह्यातल्या एका गावात २६ वर्षे अंगणवाडी सेविका आहे. गावाचे नाव देत नाही, कारण प्रकरण कोर्टात आहे आणि मला त्याच गावात राहायचे आहे.

शहरातल्या वाचकांसाठी थोडे सांगते. आमच्याकडे ग्रामपंचायत वेगळी आणि गावकी वेगळी. देवळाचा कारभार, शिमग्याची पालखी, लग्नाकार्याची सामायिक भांडी, मयताची लाकडे हे सगळे गावकीकडे. घरटी वर्गणी असते. गावचे चाकरमानी मुंबईत असतात, त्यांचे मुंबई मंडळ असते, आणि मोठा निर्णय त्यांना विचारल्याशिवाय होत नाही. गावकी वाईटच असते असे मी म्हणणार नाही. जुलै २०२१ मध्ये महाडला पूर आला तेव्हा आमच्या गावकीने एका रात्रीत टेम्पोभर धान्य आणि चादरी गोळा करून पाठवल्या. पोळ्या लाटायला मीही होते. जी माणसे पहाटेपर्यंत माझ्या शेजारी बसून पोळ्या भाजत होती, त्यांनीच पुढे दीड वर्षाने माझ्याकडे बघायचे सोडले.

कारण निवडणुकीचे. डिसेंबर २०२२ ला ग्रामपंचायतीची निवडणूक होती. आमच्या वॉर्डात महिलेसाठी राखीव जागा. गावकीने देवळात बसून नाव ठरवले आणि ‘बिनविरोध’ करायचे म्हणून सांगितले. बैठकीत एकही बाई नव्हती. बायकांच्या जागेसाठीसुद्धा नव्हती. माझी धाकटी जाऊ बारावी शिकलेली, बचत गटाचा हिशेब तीच बघते. तिने अर्ज भरला. माघार घे म्हणून तीन वेळा निरोप आले, तिने घेतली नाही. निवडणूक झाली, ती पडली. आम्हाला वाटले, झाले गेले संपले.

जानेवारीत माझ्या नवऱ्याला आणि दिराला देवळात बोलावले. गावाचा शब्द मोडला म्हणून ५१ हजार रुपये दंड आणि नारळ ठेवून माफी. दिरांनी विचारले, ‘पावती देणार का?’ त्यावर बैठक उठली. दुसऱ्या दिवशी सकाळी मी गिरणीवर तांदूळ घेऊन गेले. पट्ट्याचा आवाज रस्त्यावर ऐकू येत होता. मी दारात उभी राहिले तसा गिरणवाल्याने खटका खाली केला आणि म्हणाला, ‘वहिनी, गिरण बंद हाय.’ मी वळून आंब्यापर्यंत येते तोवर गिरण परत सुरू झाली.

वाळीत टाकले म्हणजे काय झाले, तर एवढेच झाले. कोणी मारले नाही. कोणी शिवी दिली नाही. दूध घालणारा घरावरून पुढे जाऊ लागला. गावच्या व्हॉट्सअॅप ग्रुपमधून आमची तिन्ही माणसे काढली. हळदीकुंकवाला आमच्या दाराशी येऊन बायका पलीकडच्या घरात गेल्या. शिमग्यात पालखी आळीतल्या प्रत्येक अंगणात नाचली आणि आमच्या अंगणापाशी ढोल थांबला. सासूबाई ओटीचे ताट घेऊन उंबऱ्यात उभ्या होत्या. वय ७८. पालखी पुढच्या अंगणात गेली, ढोल पुन्हा वाजायला लागला, आणि त्या ताट घेऊन तशाच उभ्या. देव त्यांचाही होता. लग्न होऊन आल्यापासून त्यांनी एक शिमगा चुकवला नव्हता.

माझ्या कामाचे सांगते, कारण ते कोणी विचारत नाही. पटावर माझ्याकडे १९ मुले होती. फेब्रुवारीपासून पाच यायला लागली, ती पाचही आदिवासीवाडीवरची, कारण वाडी गावकीत धरत नाहीत. गावातल्या आयांना मुले पाठवायची होती, पण माझ्याशी बोलेल त्याला ५ हजार दंड असे ठरले होते. घरपोच आहाराची पाकिटे न्यायला त्या अंधार पडल्यावर येत, मागच्या दाराने, पदर तोंडावर घेऊन. त्यांना पाकीट द्यायचे तर सही लागते. सही करायला हात थरथरत. त्यात एक पोरगा तीव्र कुपोषित श्रेणीत होता. त्याचे वजन दर आठवड्याला घ्यायचे होते. सात आठवडे मी त्याला काट्यावर घेऊ शकले नाही. शेवटी आशाताईंना तालुक्यावरून आलेल्या नर्ससोबत त्यांच्या घरी पाठवले. पोरगा आता बरा आहे. पण त्या सात आठवड्यांचे रकाने माझ्या रजिस्टरात कोरे आहेत. गावाने शिक्षा मला दिली होती. त्या पोराने कोणत्या वॉर्डातून अर्ज भरला होता?

ऑगस्टमध्ये सासरे गेले. रात्रभर पाऊस. पहाटे माझ्या नवऱ्याने दोन घरी जाऊन दार वाजवले, दिवा लागला आणि विझला. गावकीच्या खोलीला कुलूप, लाकडे आत. माझे दोन भाऊ १८ किलोमीटरवरून आले, येताना टेम्पोत लाकडे आणि बांबू घेऊन आले. खांद्याला चार माणसे पुरतात, तेवढी आमच्याकडे बरोबर होती. बदलायला पाचवा नव्हता. स्मशान ओढ्यापलीकडे आहे, चिखलातून जावे लागते. माझा नवरा दोनदा गुडघ्यावर आला. रस्त्याच्या दोन्ही बाजूंच्या पडव्यांत माणसे उभी होती, त्यातल्या निम्म्यांना माझ्या सासऱ्यांनी पोहायला शिकवले होते.

हे सगळे मी आज सलग लिहू शकते, कारण मी ते लिहून ठेवले होते. त्याबद्दलच या पत्रात मुख्य सांगायचे आहे.

फेब्रुवारी २०२३ मध्ये मी पोलीस ठाण्यात गेले तेव्हा तिथल्या साहेबांनी विचारले, ‘मारहाण झाली का? धमकी दिली का? नाही ना. मग तुमच्याशी बोला म्हणून आम्ही लोकांवर सक्ती करायची का?’ दुसऱ्या वेळी म्हणाले, ‘बहिष्काराचा लेखी ठराव आणा.’ अदखलपात्र म्हणून नोंद झाली आणि एक चिठ्ठी हातात मिळाली. मी घरी येऊन रडले नाही, खरे सांगायचे तर मला त्यांचे म्हणणे पटले होते. खरेच, कोणी काय केले होते? न बोलणे हा गुन्हा कसा असेल?

तो गुन्हा आहे, हे मला महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या एका कार्यकर्त्याने सांगितले. या लोकांनी २०१३ पासून ‘जातपंचायतीला मूठमाती’ हे अभियान चालवले आहे. त्याच वर्षी २० ऑगस्टला डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला, तरी अभियान थांबले नाही. एप्रिल २०१६ मध्ये आपल्या विधिमंडळाने सामाजिक बहिष्कारापासून व्यक्तींचे संरक्षण करणारा कायदा मंजूर केला, पुढे राष्ट्रपतींची संमती मिळाली आणि ३ जुलै २०१७ पासून तो लागू झाला. असा कायदा करणारे आपले राज्य देशात पहिले. त्या कार्यकर्त्याने दिलेली प्रत मी अंगणवाडीच्या कपाटात ठेवली आहे. त्यात लांबलचक यादी आहे. धार्मिक विधीत भाग घेऊ न देणे, लग्न किंवा अंत्यविधी अडवणे, स्मशान वापरू न देणे, व्यवहार तोडणे, इतरांना तोडायला लावणे. यादी वाचताना मला वाटले, हे लिहिणारा माणूस आमच्या गावात राहून गेला असावा. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. आणि गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे कोर्टाच्या परवानगीची वाट न बघता पोलिसांना तपास करता येतो असा. मला जी अदखलपात्रची चिठ्ठी दिली, ती द्यायलाच नको होती. दखलपात्र गुन्ह्याची माहिती मिळाली की गुन्हा नोंदवलाच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने ललिताकुमारी प्रकरणात नोव्हेंबर २०१३ मध्येच सांगितले आहे.

मग पुराव्याचा प्रश्न आला. बहिष्कार कागदावर होत नाही. ठराव लिहिण्याइतके आमचे पंच भोळे नाहीत. पण मी २६ वर्षे रजिस्टर भरते आहे, मला दुसरे काही येत नसले तरी नोंद ठेवता येते. एक दोनशे पानी वही केली. तारीख, वेळ, कोण, काय नाकारले, तिथे आणखी कोण होते. गिरण, दूध, ग्रुप, पालखी, लाकडे. पालखी अंगणावरून जातानाचे चित्रण पुतण्याने मोबाइलवर केले होते. देवळाच्या वर्गणीच्या पावतीपुस्तकात त्या वर्षी आमच्या घराचा क्रमांक सोडलेला आहे, आधीच्या ११ वर्षांच्या पावत्या आमच्याकडे आहेत. आणि सगळ्यात मोठा पुरावा सरकारचाच निघाला : माझे हजेरीपत्रक. जानेवारीपर्यंत १९, फेब्रुवारीपासून पाच. गावातली १४ मुले एकाच आठवड्यात आजारी पडत नाहीत. हा कागद वरच्या अधिकाऱ्यांसमोर ठेवला तेव्हा ते पहिल्यांदा खुर्चीत पुढे सरकून बसले. ऑक्टोबर २०२३ मध्ये गुन्हा दाखल झाला. पहिल्या तक्रारीनंतर आठ महिन्यांनी, सासरे गेल्यानंतर दोन महिन्यांनी.

ज्यांच्यावर ही वेळ आली आहे आणि जे हे पत्र वाचत असतील त्यांना मी कळकळीने सांगते, आजच वही करा. रेशन, शाळा, दवाखाना, वर्गणी, जिथे जिथे तुमच्या नावाची नोंद आधी होती आणि आता नाही, ते कागद शोधा. आणि बायांनो, तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे जा. १९८७ च्या कायद्याने कोणत्याही स्त्रीला मोफत वकील मिळतो, उत्पन्न किती हे न बघता. मला हे सातव्या महिन्यात कळले.

त्या कार्यकर्त्याकडून मला एक जुनी गोष्टही कळली. महाड आमच्यापासून एसटीने दोन तासांवर. शाळेच्या सहलीत चवदार तळे पाहिले होते, १९२७ चा सत्याग्रह पाठ केला होता. पण तळ्यावरून परतल्यानंतर गावोगावच्या अस्पृश्यांना काय भोगावे लागले ते शाळेत कोणी सांगितले नव्हते. काम बंद, धान्य बंद, रस्ता बंद. गोलमेज परिषदेपुढे बाबासाहेबांनी अस्पृश्यांच्या संरक्षणासाठी ज्या मागण्या मांडल्या, त्यात सामाजिक बहिष्कार हा शिक्षापात्र गुन्हा ठरवा, ही एक मागणी होती. ब्रह्मदेशात १९२२ मध्ये बहिष्काराविरुद्ध कायदा झाला होता, त्याचा आधार घेऊन त्यांनी बहिष्काराची व्याख्याही लिहून दिली : व्यवहार न करणे, जमीन न देणे, रिवाजाप्रमाणे जे संबंध एरवी राहिले असते ते न ठेवणे. न बोलण्याचा गुन्हा कसा मांडायचा, हे त्यांनी जवळपास शंभर वर्षांपूर्वी लिहून ठेवले होते. पोलीस ठाण्यात मला निरुत्तर करणाऱ्या प्रश्नाचे उत्तर आमच्याच जिल्ह्यात लढलेल्या माणसाकडे होते.

दलितांवरच्या बहिष्काराला नागरी हक्क संरक्षण कायद्यात आणि अॅट्रॉसिटी कायद्यात शिक्षा आहे. आमच्यासारख्यांना, म्हणजे आपल्याच जातीने टाकलेल्यांना, दाद मागायला काही नव्हते. १९४९ मध्ये मुंबई सरकारने समाजातून बहिष्कृत करण्यावर बंदी घालणारा एक कायदा केला होता. दाऊदी बोहरा समाजाच्या धर्मगुरूंनी त्याला आव्हान दिले आणि जानेवारी १९६२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक मताने तो रद्द केला. धर्मसंस्थेचा तो अधिकार आहे असे चौघे म्हणाले. एकटे सरन्यायाधीश सिन्हा म्हणाले की बहिष्कृताचे सगळे नागरी जीवनच हिरावले जाते. ते प्रकरण आता नऊ न्यायाधीशांकडे सोपवले आहे, फेब्रुवारी २०२३ मध्ये. त्याच महिन्यात मी पहिल्यांदा पोलीस ठाण्याची पायरी चढले होते. बोहरा समाजातल्या ज्या बायका-पुरुषांनी साठ वर्षांहून जास्त काळ हे सोसले, त्यांची माझी ओळख नाही, पण मयताला माणूस न मिळणे म्हणजे काय, हे आम्हाला एकमेकांना समजावून सांगावे लागणार नाही.

एक गोष्ट मला लिहायची नव्हती, पण ती टाळून हे पत्र खरे होणार नाही. मी लग्न होऊन आले त्या सालात आमच्या आळीतले एक कुटुंब वाळीत होते, जमिनीच्या बांधावरून. तीन वर्षे होते. त्या घरातली बाई एकदा भर दुपारी माझ्याकडे आली. पोर तापाने फणफणले होते, स्टोव्ह पेटवायला तिला काड्यापेटी हवी होती. मी दाराची कडी लावून आत उभी राहिले. मी नवीन होते, सासरे गावकीत होते, ही सगळी कारणे खरी आहेत. ती बाई पुढे मुंबईला गेली. सासरे गेले तेव्हा बाराव्याच्या आदल्या दिवशी तिचा फोन आला, कुठून नंबर मिळवला माहीत नाही. म्हणाली, ‘मी येऊ का?’ आली. दोन दिवस राहिली आणि सगळा स्वयंपाक तिने केला. काड्यापेटीचा विषय तिने काढला नाही. मी काढला, तेव्हा म्हणाली, ‘मला आठवतं गं.’ एवढेच.

आता सामोपचाराबद्दल. कायद्यात तडजोडीची सोय आहे, कोर्टाच्या परवानगीने. आरोपींनी समाजसेवा करावी अशी अट त्यात घालता येते. मला ही सोय मुळात चांगली वाटते. आमचे पंच तुरुंगात गेलेले बघायचे आहेत असे मला कधी वाटले नाही. त्यातला एक माझ्या नवऱ्याचा बालमित्र आहे. पण तडजोड कशी होते ते पाहिले आहे. गुन्हा दाखल झाल्यावर रोज कोणी ना कोणी येते. ‘मुलीचं लग्न करायचंय ना?’ मुंबई मंडळाचे दोन जण गाडी घेऊन आले आणि माझ्या नवऱ्याला तीन तास समजावत बसले. मला आत चहा करायला सांगितले. माझा नवरा आता थकला आहे. मुलगी २३ वर्षांची आहे, दोन स्थळे ‘गावात यांचं जमत नाही’ ऐकून परत गेली. तो मिटवू या म्हणतो आणि मी त्याला दोष देत नाही. पण ज्या दबावाला कायद्याने गुन्हा म्हटले आहे, त्याच दबावाखाली सही घेतली तर तिला संमती म्हणता येईल का? माझी विनंती आहे की तडजोडीला परवानगी देण्याआधी न्यायाधीशांनी पीडित कुटुंबातल्या प्रत्येकाला, बायकांना तर नक्कीच, वेगळे बोलावून विचारावे. आमच्यापैकी माझी जाऊ एकटीच अशी आहे जिला कोणीही आजवर काहीच विचारलेले नाही, आणि अर्ज तिने भरला होता.

मला मिटवायला काय हवे आहे तेही सांगते. ज्या देवळात बसून ठरवले त्याच देवळात, बायकांना बसवून, ठराव रद्द म्हणून मोठ्याने सांगावे. आणि पुढच्या शिमग्यात पालखी सासूबाईंच्या अंगणात यावी. त्या आता ८० च्या पुढे आहेत.

या कायद्यात सामाजिक बहिष्कार प्रतिबंध अधिकारी नेमायचे आहेत. असा गुन्हा घडतो का हे शोधणे आणि पोलिसांना, कोर्टाला मदत करणे हे त्यांचे काम. माझ्या तालुक्यात हे अधिकारी कोण, हे मी सहा महिने विचारत होते. एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर पाठवले, कोणाला सांगता आले नाही. शासनाने या अधिकाऱ्याचे नाव आणि फोन क्रमांक प्रत्येक ग्रामपंचायतीच्या फलकावर रंगवावा. अंगणवाडीच्या भिंतीवर चालेल, मी स्वतः जागा देते. दोषारोपपत्र दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत खटला संपवावा असेही कायद्यात आहे. आमचे दाखल होऊन वर्ष उलटून गेले आहे.

आणि आपल्याला, संपादक महोदय, एवढीच विनंती की पुढच्या वेळी अशी बातमी आली तर कायद्याचे नाव छापा आणि गुन्हा दखलपात्र आहे हे छापा. आपला अंक आमच्या नाक्यावरच्या टपरीवर येतो. पंचही वाचतात, ठाण्यातले साहेबही वाचतात. ‘अंतर्गत वाद’ वाचून त्या दिवशी टपरीवर काय बोलणे झाले ते मला संध्याकाळी एका आईने सांगितले, आहाराचे पाकीट नेताना. आता ती पुढच्या दाराने येते.

पुढच्या महिन्यात १४ तारखेला सुनावणी आहे. वही घेऊन जाणार आहे. आज अंगणवाडीत ११ मुले होती.

आपली,
एक अंगणवाडी सेविका
(जिल्हा रायगड. नाव व पत्ता संपादकांकडे दिला आहे, कृपया छापू नये.)